क्वेकूचा फोटो

तीन वर्षं कोबिना अमिसा कॅमेऱ्याची पेटी डोक्यावर घेऊन फान्ते लोकांच्या किनाऱ्यावरची गावं पालथी घालत होता. व्यापाऱ्यांची दोन-चार घरं सोडली तर फोटोची हौस परवडणारं कोणी नव्हतं. खाऱ्या हवेनं फोटो धुवायची औषधं नासायची ती वेगळीच. म्हणून बोसोमदो गावच्या तुरुंगात कैद्यांचे फोटो काढायची कायमची नोकरी लागली, तेव्हा त्याची बायको एकुआ म्हणाली, "आता तरी घरी जेवशील."

काम सोपं होतं. कैद्याला भिंतीशी बसवायचं, छातीवर नंबरची पाटी टांगायची आणि हलू नको म्हणून दटावायचं. फोटो दफ्तरात जायचे. बाहेर दाखवायची सक्त मनाई होती.

एके सकाळी मासे विकणारी एफुआ त्याच्या दारात येऊन बसली. तिचा मुलगा क्वेकू तुरुंगात तापानं गेला होता. तिला कळेपर्यंत त्याला पुरूनही झालं होतं.

"तू त्याचा फोटो काढलास म्हणे."

"काढला, मावशी. पण देता येत नाही."

"मला त्याचं तोंडसुद्धा बघू दिलं नाही रे कुणी."

एकुआनं आतून नको नको अशी मान हलवली. कोबिनानं ते पाहिलं. तरी रविवारी, दफ्तर बंद असताना, त्यानं क्वेकूच्या फोटोची मूळ काच काढली, नंबरवर काळा कागद चिकटवला आणि एक फोटो छापून एफुआला नेऊन दिला.

तिनं तो उन्हात धरून बराच वेळ पाहिला.

"हा माझा नाही."

"तोच आहे, मावशी. मीच बसवलं होतं त्याला."

"माझा क्वेकू कुणाला भ्यायचा नाही. काय केलं होतंत त्याला?"

"काही नाही. हलू नको म्हटलं होतं."

फोटो मात्र तिनं परत केला नाही. बाजारात भेटेल त्याला दाखवून ती विचारत सुटली, "हा माझा क्वेकू आहे का, सांगा." आठवड्याभरात जेलरच्या कानावर गेलं आणि कोबिनाची नोकरी गेली.

एकुआनं काचा गवतात गुंडाळल्या. मग पेटी भरून दिली. कोबिना पेटी घेऊन बाजारातून निघाला तेव्हा एफुआनं हाक मारली.

"लेका, हसताना काढता येईल का रे त्याला?"

"नाही, मावशी."

तिनं मान डोलावली आणि समोरच्या गिऱ्हाइकाला मासे निवडून द्यायला लागली. कोबिनानं डोक्यावरची पेटी सावरली आणि किनाऱ्याची वाट धरली.