न सुटलेला जोड

सावळीराम वेल्डरला हलणारी वस्तू बघवत नसे. चहाच्या टपरीवरचं बाकडं डुगडुगलं तरी हा आधी पायाखाली दगडाची चीप सारायचा, मगच टेकायचा. आमच्या सातपूरच्या कारखान्यात त्याच्या हातचा जोड कधी सुटला नाही, आणि हे तो स्वतःच दिवसाआड सांगायचा.

त्र्याऐंशी साली नौदलाच्या जहाजासाठी विजेची कपाटं, म्हणजे आत जड स्विच बसवलेली लोखंडी कपाटं, बनवायचं काम आलं. पाण्याखाली स्फोट झाला की हादरा जहाजाच्या पत्र्यातून आत येतो, म्हणून कपाट जाड रबराच्या पायांवर उभं करायचं, असं इंजिनियर साहेबांनी समजावलं. ते हललं तरच हादरा रबरात जिरतो. नमुन्याच्या कपाटाला भल्या मोठ्या हातोड्याचे तडाखे दिले, तेव्हा ते खुळ्यासारखं डोललं, पण आतलं काही तुटलं नाही. सावळीरामने मान डोलावली. पटलं मात्र नव्हतं.

कपाटं बसवायला आम्ही दोघं मुंबईच्या गोदीत गेलो. त्याचा थोरला, चंदर, त्याच जहाजावर विजेच्या कामाला होता. ज्या कपाटासमोर चंदरची पाळी असे, ते सावळीरामने दोन्ही हातांनी हलवून पाहिलं.

"हालतंय रे सलीम. माझं पोरगं हाय याच्यापुढं."

मी साहेबांच्या बोलण्याची आठवण करून दिली, तर म्हणाला, साहेबाचं पोरगं आहे का इथं? पुन्हा अडवायला गेलो, तेव्हा त्याने तोंडासमोर वेल्डिंगची काळी काच धरली. बापापुढे कोणाचं चालतं? कपाटाची पाठ अँगल लावून त्याने जहाजाच्या लोखंडी भिंतीला पक्की जोडली, वर रंगही मारला.

पुढच्या वर्षी सरावात पाण्याखालचा एक सुरुंग जहाजाच्या फार जवळ फुटला. बाकीची कपाटं डोलली आणि थांबली. चंदरच्या कपाटाला डोलायला जागाच नव्हती. सगळा हादरा सरळ आत गेला, जड स्विच मुळापासून उखडला आणि दार फोडून त्याच्या छातीवर बसला. पोरगं जागेवरच गेलं.

ते कपाट तपासायला कारखान्यात आलं. पाठीला भिंतीचा कापलेला तुकडा तसाच चिकटलेला. हा अँगल कोणी लावला, साहेबांनी विचारलं.

सावळीराम पुढे आला. जोडावरून त्याने अंगठा फिरवला. रंगाला तडासुद्धा गेला नव्हता.

"मी लावला, साहेब," तो म्हणाला. "आजून सुटला नाय."