एक्क्याण्णव टक्के आणि एक फाटक

बर्फावरच्या हॉकीचं जुनं रिंक पाडायचं ठरलं तेव्हा ओझर्ना गावचे लोक काय रडत बसले? छे. रविवारी दुपारी पाने-पकडी घेऊन जमले आणि ज्याला जे हवं ते उपसून न्यायला लागले. कुणी गोलाची जाळी धरली, कुणी कँटीनमधली सूपची पातेली. सत्तरी ओलांडलेला लॉर्न हावरिश मात्र खेळाडूंच्या बाकापाशी बसून तिथल्या छोट्या लाकडी फाटकाचे स्क्रू काढत होता.

त्याचा लहानपणापासूनचा दोस्त मायरॉन डेरकाच काठी टेकत आला. "लेका, एवढं सगळं सोडून हे फळकूट कशाला रे?" लॉर्न पुढच्या स्क्रूकडे वळला. बिजागरीवर हात पडला आणि त्याला अठराव्या वर्षीचा हिवाळा आठवला.

तेव्हा गावच्या हॉकी संघाला दोन गोलकीपर होते, लॉर्न आणि मायरॉन. अंतिम सामना पोटॅशच्या खाणीवरच्या संघाशी. खाणवाले म्हणजे नुसते रेडे, त्यांचा फटका आला की गोलकीपरला देव आठवायचा. गावचा नियम असा, की मोसमात ज्यानं शेकडा जास्त फटके अडवले तोच अंतिम सामन्यात उभा राहणार. मागे एका कोचनं आपल्या भाच्याला उभं केलं होतं, आणि त्यावरून दोन हिवाळे अर्धं गाव उरलेल्या अर्ध्याशी बोलत नव्हतं, अगदी चर्चमध्येसुद्धा. तेव्हापासून हा नियम. आकड्याला भाचा नसतो, असं सगळे म्हणायचे.

आकडे लागले. लॉर्ननं दोनशेपैकी एकशे ब्याऐंशी फटके अडवले होते, म्हणजे एक्क्याण्णव टक्के. मायरॉननं दोनशेपैकी एकशे चौऱ्याहत्तर, म्हणजे सत्त्याऐंशी. विषयच संपला! लॉर्नला आभाळ ठेंगणं झालं. कारण त्याचे वडील सामना बघायला येणार होते. सामना आणि संध्याकाळची धार नेमकी एकाच वेळी यायची, त्यामुळे त्या माणसानं आपल्या पोराला रिंकवर कधी पाहिलंच नव्हतं. यंदा मात्र गोठा शेजाऱ्यावर सोपवून, लग्नातला कोट काढून ते येणार होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी बापलेक धार काढत असताना वडील आपल्याच तंद्रीत बोलत होते. डेअरीनं कळवलं होतं, या खेपेला हावरिशांच्या दुधाचं फॅट वाढलंय. "वाढणारच. पातळ दुधाच्या तीन होल्स्टीन आटल्यात, कॅनमध्ये सगळं दाट जर्सीचंच दूध. गाई काही सुधारल्या नाहीत."

लॉर्नचे हात थांबले. मग आपल्या एक्क्याण्णव टक्क्यांच्या कॅनमध्ये काय आहे?

कोच अँब्रोजचा मायरॉनवर भरवसा होता, म्हणून खाणवाल्यांसमोर तो बहुतेक वेळा त्यालाच उभं करायचा. लॉर्नच्या वाट्याला बहुतेक आसपासच्या खेड्यांचे संघ, ज्यांचे निम्मे गडी थेट गोठ्यातून यायचे. लॉर्ननं मनातल्या मनात दोन्ही वेगळं केलं. खेड्यांचे फटके त्यानं एकशे ऐंशीपैकी एकशे अडुसष्ट अडवले होते, त्र्याण्णव टक्के आणि वर थोडं. मायरॉननं चाळीसपैकी अडतीस, पंचाण्णव टक्के. खाणवाल्यांचे लॉर्ननं विसापैकी चौदा अडवले होते, सत्तर टक्के. मायरॉननं एकशे साठपैकी एकशे छत्तीस, पंच्याऐंशी टक्के. दोन्हीकडे मायरॉनच वरचढ होता. सगळं एका कॅनमध्ये ओतलं की लॉर्न पुढे जात होता, कारण त्याच्या कॅनमध्ये सोपे फटके जास्त होते.

गप्प बसला असता तर कुणाला कळलं असतं? कुणालाच नाही. घरात खुंटीवर वडिलांचा कोट इस्त्री करून टांगलेला होता. तरी लॉर्न अँब्रोजकडे गेला आणि मायरॉनला उभं करा म्हणाला.

सगळं ऐकून अँब्रोजनं पाइप कोरून खाली ठेवला. "मला काय हे दिसत नव्हतं होय रे? पण मी तोंड उघडलं असतं तर पुन्हा तो भाच्याचा तमाशा. तुझ्याच तोंडून यायला हवं होतं."

सामन्याला वडील पहिल्या रांगेत बसले होते. त्यांनी आधी गोलाकडे पाहिलं, मग पोराला शोधलं. बदली गोलकीपरला बाकावर एकच काम असतं, येणाऱ्या-जाणाऱ्या खेळाडूसाठी फाटक उघडायचं आणि लावायचं. लॉर्न तेच करत होता. बर्फानं गिळावं तर बरं, असं त्याला वाटत होतं. मायरॉन जिवाच्या आकांतानं खेळला, तरी गावचा संघ एका गोलानं हरला. आणि मग काय, गावाला तोंडच फुटलं. एक्क्याण्णव टक्के बाकावर बसवले म्हणे!

परत जाताना ट्रक वडीलच चालवत होते. शेताचं वळण आलं तेव्हा म्हणाले, "त्या फाटकापाशी एकाही पोराला थांबावं लागलं नाही. मी बघत होतो." आणि तसेच, कोटानिशी गोठ्यात गेले. पुढच्या शरदात ते वारले.

शेवटचा स्क्रू निघाला. मायरॉन अजून उत्तराची वाट बघत उभा होता.

"माझा बाप एकदाच सामना बघायला आला होता रे," लॉर्न म्हणाला. "त्यानं हेच बघितलं."

मायरॉननं काठी बाजूला ठेवली आणि फाटकाचं दुसरं टोक उचललं.