कंस पूर्ण

“काका, हे गणित चुकतंय. चारदा केलं,” खालच्या मजल्यावरची मुलगी दारातूनच म्हणाली. “माझं उत्तर येतं एकोणीस. पुस्तकातलं उत्तर तुम्ही वाचलंय पाच.”

तिला दिसत नसे. तिचे गणिताचे पुस्तक वाचून फोनवर रेकॉर्ड करून द्यायचे काम हेडक्लार्क काकांनी निवृत्तीनंतर आपणहून अंगावर घेतले होते. गणिताशी त्यांचा छत्तीसचा आकडा. पण समोर आहे ते शब्दन् शब्द वाचायला काय लागते? तीस वर्षांत त्यांच्या पत्रात कुणाला चूक सापडली नव्हती. आठ धडे झाले होते. परीक्षा अकरा दिवसांवर होती.

काकांनी चष्मा चढवून पान काढले. “वर्गमुळात नऊ अधिक सोळा. तेच तर वाचलंय.”

“मग नवाचं मूळ तीन. तीन अधिक सोळा, एकोणीस.”

“अगं, पण रेघ सोळापर्यंत आहे ना.”

“कुठली रेघ?”

काकांनी पान पुन्हा डोळ्यांजवळ धरले. वर्गमुळाच्या चिन्हाची आडवी रेघ दोन्ही आकड्यांवर पसरली होती. आठ धड्यांत अशा किती रेघा त्यांनी गिळल्या होत्या, देव जाणे.

“दुसरं कुणीतरी बघ बाई. माझ्यापायी तुझं वर्ष जायचं.”

“दुसरं कोण बसलंय? पुढचा धडा वाचा.”

त्यांनी पडेल आवाजात सुरुवात केली. “मूळचिन्हाऐवजी अपूर्णांकी घातांक लिहिता येतो. वर्गमूळ म्हणजे घातांक एक छेद दोन, घनमूळ म्हणजे एक छेद तीन...”

“थांबा, काका! मग ते चिन्ह वाचूच नका. म्हणा, कंसात नऊ अधिक सोळा, कंस पूर्ण, घातांक एक छेद दोन. आधी कंस सोडवायचा. पंचवीस. त्याचं वर्गमूळ पाच!”

दुसऱ्या दिवसापासून काका पेन्सिल घेऊन पहिल्या धड्यापासून बसले. प्रत्येक मूळ कंसात बसवायचे, घातांक लिहायचा, मगच वाचायचे. “नोकरीत कधी एवढी मान मोडून बसला नव्हतात,” काकू म्हणाल्या.

नवव्या दिवशी शेवटचे रेकॉर्डिंग मुलीने कानाला लावले.

“चौसष्ट, घातांक दोन छेद तीन,” काका म्हणाले, आणि पुढे काहीच नाही. फोन बिघडला की काय? तेवढ्यात कागदावर खरखर आणि पुटपुटणे. “घनमूळ चार... चाराचा वर्ग...” मग भराभर पाने उलटल्याचा आवाज.

“अगं, ऐकलंस का!” काका आतल्या खोलीकडे ओरडत होते. “मागे उत्तर सोळाच आहे!”

मुलीने तेवढा तुकडा पुन्हा लावला.