मी पाठमोरी होते

पोलंडमधल्या ल्वूवच्या बाजारात होनोराता फुलं विकायची आणि तिला लागूनच फ्रायदा खारातले मासे. अकरा वर्षांचा शेजार. होनोराताचा नवरा गेला तेव्हा महिनाभर तिच्या टोपल्या फ्रायदानंच सांभाळल्या होत्या.

१९३६ साली विद्यार्थी पाट्या घेऊन बाजारात उभे राहू लागले. ज्यूंकडून काही घेऊ नका. फ्रायदाची जुनी गिऱ्हाइकं खाली मान घालून पुढे जायची.

"थंडी पडली की जातील घरी," फ्रायदा म्हणायची. "गरम सूप करून वाट बघत असतात ना आया."

थंडी पडली, ते काही गेले नाहीत. एका मंगळवारी सकाळी तिघांनी तिचं पिंप आडवं केलं आणि माशांवर रॉकेल ओतलं. तिनं एकाची बाही धरली. त्यानं ढकललं, ती फरशीवर आपटली, मनगट मोडलं. होनोराता दोन हात अंतरावर शेवंतीची जुडी बांधत होती. ती दोरा गुंडाळतच राहिली.

हवालदार आला तोवर दोघं पसार झाले होते. तिसरा समोरच्या कमानीखाली निवांत सिगारेट ओढत होता.

"तो बघा," फ्रायदा हात पोटाशी धरून म्हणाली. "हिला विचारा, हिच्या डोळ्यांदेखत झालंय."

"काय बाई, पाहिलंत तुम्ही?"

कमानीखालचा होनोराताकडेच बघत होता.

"मी पाठमोरी होते," ती म्हणाली.

हवालदारानं वही मिटली. होनोराता मासे गोळा करायला वाकली, तशी फ्रायदा हळूच म्हणाली, "नको. तो बघतोय तुझ्याकडे."

त्यानंतर फ्रायदा बाजारात आली नाही. नाताळ तोंडावर आला तेव्हा न राहवून होनोराता तिच्या घरी गेली. फ्रायदानं दार अर्धंच उघडलं.

"काय हवंय बाई?"

"अगं, मी आहे."

"दिसतंय मला."

"मी चौकीवर जाते. खरं काय ते सांगते."

"सांगा की. हाड वाकडंच जुळलंय माझं," फ्रायदा म्हणाली, आणि तिनं दार लोटून घेतलं.

होनोराता तशीच चौकीवर गेली. तासभर बाकावर बसल्यावर तोच हवालदार बाहेर आला.

"मी पाठमोरी नव्हते," ती म्हणाली.

"कागदावर तुम्ही पाठमोऱ्याच आहात," तो म्हणाला. "जा आता. फुलं गोठतील."