आईचं रीळ

खिडकीपाशी केस विंचरणारी बाई.

पत्र्याचा गंजलेला गोल डबा, झाकणावर खडूने लिहिलेला तीनचा आकडा.

एका छत्रीखाली, थिएटरच्या रांगेत, दोन बहिणी.

ओट्यावर गार होत चाललेला चहा.

हे सगळं एकाच बाईंच्या आयुष्यातलं. बाई सिनेमा शिकवायच्या. त्यांचं नाव झालं ते एका जुन्या सिनेमावर. त्यात आई मरते आणि पुढच्याच रिळात खिडकीपाशी केस विंचरत बसलेली दिसते. घरात कोणाला त्याचं काही वाटत नाही. हा सिनेमा मरण मानतच नाही, असं जाडजूड पुस्तक बाईंनी लिहिलं. पुस्तकावर नोकरी मिळाली, नोकरीवर विभागप्रमुखपद. परीक्षेत तो प्रश्न हमखास यायचा.

मंगळवारी फोन आला. करणारा त्यांचाच जुना विद्यार्थी, आता फिल्म संग्रहालयाचा प्रमुख.

"मॅडम, बसून घ्या."

"बसलेलीच आहे. बोल."

"त्या सिनेमाची दुसरी प्रत मिळाली. हिच्यात प्रत्येक रिळाच्या सुरुवातीला आकडा आहे, आपल्या प्रतीतला तो तुकडा कधीच तुटून गेलेला. आपलं तीन ते खरं चार आहे, आणि चार ते तीन. डबे पुसताना कोणीतरी झाकणं अदलाबदल केली असणार."

"म्हणजे केस आधी विंचरते."

"हो. मग मरते."

"आणि मग?"

"मग काही नाही, मॅडम. मेलेलीच राहते."

शनिवारी नव्या प्रतीचा खेळ होता आणि आधी बाईंचं भाषण. "ही वेगळी आवृत्ती आहे असं सांगून सांभाळून घेऊ," तो म्हणाला. "पुस्तकाला धक्का नको."

धक्का बाईंनाही बसला नाही. बसेल म्हणून त्या थोडा वेळ थांबल्या. चहा केला, प्यायचा राहून गेला. संध्याकाळी धाकट्या बहिणीला सांगितलं.

"मी तेव्हाच विचारलं होतं, मेलेली बाई केस कशी विंचरते? तर तू म्हणालीस, तुला सिनेमातलं ओ की ठो कळत नाही."

"म्हणाले होते."

"मग आता?"

"सांगून टाकते."

"कशाला गं ताई? चाललंय ते चालू दे ना. कोणाच्या पोटात दुखतंय?"

शनिवारी बाई माइकसमोर उभ्या राहिल्या. "झाकणं चुकली होती. माझं पुस्तक त्या चुकीवर उभं आहे." मागे कोणीतरी टाळी वाजवली आणि एकटाच पडला म्हणून थांबवली.

बाई बहिणीशेजारी येऊन बसल्या. पडद्यावर आईने केस विंचरले. मग ती मेली. सगळं माहीत असूनही बाई पुढच्या रिळाची वाट पाहत राहिल्या. खिडकी आली. खिडकीत कोणी नव्हतं. अंधारात बहिणीने त्यांचा हात धरला. तिकीट तपासायला देऊन थांबावं, तसा बाईंनी तो तिच्या हातात राहू दिला.

तो सिनेमा दोघींनी पहिल्यांदा पाहिला, तेव्हा त्यांची आई जाऊन महिनाही झाला नव्हता.