डब्यातला बापूस

पुण्याहून फिल्मवाली बाई येणार म्हणून सुभद्राकाकीने सकाळीच ठेवणीतलं लुगडं काढलं. ब्याऐंशी वर्षांच्या बाईला आज पहिल्यांदा बापाचं तोंड दिसणार होतं, नटायला नको?

"आजी, लगीन आसा काय कोणाचा?" नातू नितेशने विचारलं.

"गप रे मेल्या! माझो बापूस दिसतलो आज."

बापूस म्हणजे मुकुंदा वालावलकर. काकी आईच्या पोटात असतानाच तो तापाने गेला. घरात त्याचा एक फोटो नाही. दशावतारात तो बाईची कामं करी, आणि अशी करी की गावातल्या बायका जळून कोळसा व्हायच्या. ते रूप मुंबईच्या एका कंपनीने हेरलं. चित्रपट तेव्हा मुके होते आणि भल्या घरच्या बाया कॅमेऱ्यापुढे उभ्या राहायला तयार नव्हत्या. मुकुंदा तीन चित्रपटांत नायिका झाला. पण तो मेला पडदा बोलायला लागला! मुकुंदाने तोंड उघडलं की गळा पुरुषाचा, घोगरा. कंपनीने त्याला नारळ दिला आणि वर आठवण म्हणून एक रीळ. गावी परतला तोवर गालाची हाडं वर आलेली. जिथे तो राणी व्हायचा तिथेच त्याला राक्षस दिला. शेवटी गावाच्या ध्यानात राहिलं ते राक्षसाचा रंग फासलेलं तोंड. खरं तोंड कोणालाच आठवेना.

आई पत्र्याचा गोल डबा दाखवून सांगायची, "तुझो बापूस ह्येच्यात आसा. उलगडू नको, तुटात. आणि दमट लागूक दिव नको."

काकी बारा वर्षांची असताना आईही गेली. पण दमटपणाशी कसं लढायचं हे आपल्याकडे शेंबड्या पोरालाही कळतं. मे महिन्यात सगळ्याला ऊन दाखवायचं. आमसुलं, पापड, गोधड्या, आणि काकीच्या खळ्यात झाकण काढलेला तो डबा. कावळ्याने चोच मारू नये म्हणून ती स्वतः काठी घेऊन बसायची. सासरीही डबा घेऊनच आली. जाऊ हसायची, "इली गो बाय, बापाशीक वाळत घालूक!" हसेना का. काकीने एक वर्ष चुकवलं नाही. बाळंतीण होती त्या वर्षीसुद्धा नाही.

तन्वी आली ती दुपारी. जुन्या फिल्म जपण्याचं तिचं काम. हातमोजे घालून तिने झाकण उघडलं आणि आंबूस वास ओटीभर पसरला. रिळाचे पदर एकमेकांना चिकटून गेले होते. बोट लावताच तपकिरी भुकटी गळली. अगदी आतला वीतभर तुकडा तेवढा सुटला. तन्वीने तो उजेडाकडे धरला.

काकी पुढे वाकली. लुगड्यातली एक बाई उभी होती. हातातल्या बांगड्या मोजता याव्यात इतक्या स्पष्ट. तोंडाच्या जागी नुसते फोड.

"आजी, हा डबा चुलीजवळ होता का?" तन्वीने विचारलं. "ही फिल्म थंडाव्यात ठेवावी लागते. उष्णतेने चित्र पार जातं. आणि ती पेटतेही चटकन. घराला आग लागली नाही हे नशीब."

नितेशने मान खाली घातली. लहानपणी त्यानेच कितीदा तो डबा खळ्यात नेऊन ठेवला होता.

"दमट लागला असेल, मॅडम," तो म्हणाला. "आमच्याकडे पाऊस फार."

तन्वीने खळ्याकडे पाहिलं. आमसुलं वाळत होती, आणि त्यांच्या शेजारी डब्याएवढी गोल जागा मोकळी होती, कालच उचलल्यासारखी.

"हो," ती हळूच म्हणाली. "दमटपणाच असेल."

"खोटा बोलू नको रे नितेश," काकी म्हणाली. ती तन्वीकडे वळली.

"लोक बापाशीक एकदाच अग्नी देतत, चेडवा. मी सत्तर वर्सां दितंय."