आधी वाजणारा ठोका

पट्ट्याचं बक्कल पडद्यावर अधांतरी थांबलं होतं, कडेला उजेडाचा बारीक ठिपका, खाली मुलाची उघडी पाठ — दिग्दर्शकाने चित्र नेमकं तिथेच थांबवलं होतं.

"दादा, ठोका आधी वाजतोय. पट्टा अजून लागलाच नाहीये."

"तिथेच हवाय तो," संगीतकार म्हणाला.

उभी हयात मालिकांना संगीत देण्यात गेली त्याची. सासूने डोळे वटारले की ढाण, सुनेने दार आपटलं की ढाण-ढाण-ढाण. घरोघरी त्याचं संगीत वाजायचं आणि त्याचं नाव येईपर्यंत लोक वाहिनी बदलून मोकळे. तुम्ही लोकांची भांडणं पेटवता आणि वर त्याचेच पैसे घेता, बायको म्हणायची. आता कुठे हा सिनेमा मिळाला होता, खराखुरा, अंधारात बसून बघायचा... हा हातचा गेला तर मरेपर्यंत ढाणढाण.

"लोक हसतील हो. चूक झालीय म्हणतील. जरासा पुढे सरकवा, नाहीतर मला दुसरं कुणीतरी बघावं लागेल."

पुढे सरकवा! ह्याला कधी कुणी बडवलेलं दिसत नाही. वडील खुंटीवरून पट्टा काढायचे, उगारायचे आणि थांबायचे — पाठ फुटायची ती तेव्हाच, त्या थांबण्यात, सगळं अंग आतून टरकन फाटायचं. चामडं लागायचं ते नंतर, जवळजवळ सुटका म्हणून. रक्ताने शर्ट पाठीला चिकटायचा. आई कोमट पाण्याने तो सोडवायची आणि म्हणायची, त्यांना राग आवरत नाही रे... राग. त्यानेही मग तेच धरून ठेवलं होतं. रागाला काय औषध?

"जन्मभर मालिका केल्यात ना, हात तसाच पडतो तुमचा," दिग्दर्शक हसत म्हणाला आणि त्याने स्वतःच ठोका पुढे ओढला. चित्र सुरू झालं. पट्टा आणि ठोका एकदम, अगदी बरोबर, अगदी मेलेला.

तो ताडकन उठला, खुर्ची मागे कोसळली. ह्याचं नरडं धरावं, हे हसरं थोबाड स्टुडिओच्या काचेवर आपटावं, पुन्हा, पुन्हा, दात सांडेपर्यंत — हात वर गेला.

आणि दिग्दर्शकाचे डोळे मिटले. खांदे कानांना भिडले, तोंडातून काहीतरी बारीक निसटलं. हात अजून कुठे लागला होता!

बघ, इथे, इथे वाजतो तो, गाढवा! त्याला ओरडून सांगायचं होतं. पण ओरडायला लागणारा राग आता सापडेना... होतं ते काहीतरी गोड, खांद्यापासून बोटांच्या टोकांपर्यंत झिरपत जाणारं. हे डोळे असेच मिटलेले राहावेत, आणखी जरा, आणखी थोडा वेळ. वडिलांना राग येतच नसे. ते हेच बघत उभे असायचे, आणि त्याच्या पाठीमागे त्यांना हे असं, इतकं बरं वाटत असायचं. आईला माहीत असेल?

हात वरच होता. तो खाली घ्यावा असं त्याला वाटत नव्हतं.